अव्वाच्या लग्नाची पंगत

अव्वा, माझी आई, गेली त्याला आता चार वर्षं होतील. तिच्या मागोमाग खोतकाकाही गेले. दोघांपैकी एकजण जरी असतं, तरी हे कागदावर उतरवायला मी धजावले नसते. आईच्या लग्नाच्या पत्रिका मुलीनं छापून आणल्या, मांडवाची ताडपत्री बांधायला मुलगी शिडीवर चढली, एवढं उचगावात सगळ्यांना माहीत आहे. जुनी माणसं अजून कौतुकानं बोलतात. त्या दिवशी मी आणखी एक काम केलं होतं. ते कुणाला माहीत नाही.

आम्ही कोल्हापूरजवळ उचगावात दोन खोल्यांत राहायचो. पुढं पत्र्याचा सोपा, मागं न्हाणी. अव्वाचं माहेर सीमेवरच्या खेड्यातलं आणि अप्पांचं गाव त्याच्याही पलीकडं. दोघं आपसात कानडीत बोलायची आणि माझ्याशी मराठीत. त्यामुळं मला लहानपणी वाटायचं, की कानडी ही नवरा-बायकोची भाषा असते, लग्न झालं की आपोआप येते. अप्पा फौंड्रीत साचे भरायचे. ओतीव लोखंडाचा थेंब कधीतरी उडून त्यांच्या उजव्या मनगटावर पडला होता. तिथं रुपयाएवढा गुळगुळीत, केस नसलेला डाग होता आणि तो मला हात लावून बघायला आवडायचा. अव्वा कडक भाकऱ्या करायची. ज्वारीचं पीठ, तीळ, पातळ थापलेली भाकरी तव्यावरून उतरली की निखाऱ्याच्या कडेला उभी करून ती पार कुरकुरीत करायची. दुपारी उखळात शेंगदाण्याची चटणी कुटायचा आवाज, त्या लयीत तिचा एकसारखा श्वास, आणि घरभर लसूण-तिखटाचा ठसका. शाहूपुरीतल्या एका दुकानात हा माल जायचा.

मी अकरा वर्षांची असताना अप्पा बोलायचे थांबले. एकदम नाही, हळूहळू. दारू नव्हती, कुणाशी भांडण नव्हतं. आधी शेजाऱ्यांशी बोलणं बंद झालं, मग माझ्याशी, शेवटी अव्वाशी. ताटावर बसले की भाकरीकडं बघत राहायचे, जणू तिचं काय करायचं असतं हे कुणीतरी सांगायला हवं होतं. आज या आजाराला नाव आहे, त्यावर गोळ्या आहेत, माझ्या ओळखीतलीच तीन माणसं त्या घेऊन नीट कामाला जातात. आम्ही तेव्हा ‘गप्प झाल्यात’ एवढंच म्हणायचो. अव्वानं दोन ठिकाणचा अंगारा आणला, एकदा नारळ उतरून टाकला. मग एका सकाळी ते डबा घेऊन कामावर निघाले आणि फौंड्रीत पोचलेच नाहीत.

त्यानंतरची नऊ वर्षं कशी होती हे सांगायचं, तर त्या भोंग्याबद्दल सांगावं लागेल. फौंड्रीचा पाचचा भोंगा झाला की अव्वाचे हात पिठात थांबायचे. क्षणभरच. मग पुन्हा थापणं सुरू व्हायचं. तिला स्वतःला ते कळत नसावं. मी मात्र त्या थांबण्याची वाट बघत बसायची, ते होईपर्यंत माझंही अभ्यासात लक्ष लागायचं नाही. घरात कानडी बंद झाली. कुंकू आणि मंगळसूत्र मात्र तिनं ठेवलं, वटपौर्णिमेलाही जायची, आणि बायका तिला वाण देताना एकमेकींकडं बघायच्या. अधूनमधून कुणीतरी येऊन सांगायचं, की तुमच्या मालकांना पाहिलं. मिरजेच्या स्टेशनवर पाहिलं, सौंदत्तीच्या डोंगरावर पाहिलं, हुबळीला एका हॉटेलात भांडी घासताना पाहिलं. मिरजेला आम्ही गेलो होतो. नळाजवळ एक माणूस पाठमोरा बसून तोंड धूत होता. खांदे तसेच, मानेवरची वळी तशीच. अव्वा चार पावलांवर उभी राहिली आणि तिला हाक मारवेना. शेवटी तो वळला, आणि तो दुसराच कुणी होता. “चुकलं, पावणं,” अव्वा म्हणाली, आणि बरोबर नेलेल्या भाकऱ्या तिनं त्याच्या हातात दिल्या. असं तीनदा झालं. एखादा माणूस मेला तर तो एका जागी मरतो. अप्पा सगळीकडं होते. सोप्यात पाय टाकताना मला अजूनही, या वयात, आधी आत कुणी बसलंय का ते बघायची सवय आहे.

खोतकाका मलकापूरकडचे. मराठ्याचं शेतकरी घर. गावात शेती भाऊ करायचा आणि काका आमच्या इथल्या दूध संकलन केंद्रावर फॅट तपासायचे. त्यांची आई अर्धांगानं अंथरुणाला खिळलेली होती. तिचं करण्यात त्यांचं लग्नाचं वय निघून गेलं. ती गेल्यावर ते एकटेच राहायचे. रोज दुपारी त्यांची स्कूटर शाहूपुरीकडं जायची, म्हणून अव्वाचं भाकऱ्यांचं गाठोडं ते दुकानात पोचवायचे. चार वर्षं त्यांनी नुसतं गाठोडं नेलं. उंबऱ्याच्या आत कधी आले नाहीत. मग एकदा मी कॉलेजातून येत असताना त्यांनी रस्त्यात स्कूटर थांबवली.

“गिरजा, तुझ्या आईला एक इचारायचं हाय. पण आधी तुला इचारतो. तू न्हाय म्हणालीस तर हितंच संपलं.”

काय ते मला कळलं होतं. मी म्हटलं, “मला नका इचारू, काका. तिला इचारा. आतवर या आणि इचारा.”

ते आत आले, सोप्यात बसले, चहा घेतला आणि विचारलं. अव्वा आठ दिवस त्यावर काही बोलली नाही. नवव्या दिवशी भाकरी थापतानाच म्हणाली, “करायचं तर दिवसा करायचं.”

यातला अर्थ आता कुणाला लागणार नाही. बाईचं दुसरं लग्न आमच्यात नव्हतं असं नाही. आमच्याकडं त्याला उडकी म्हणायचे, काकांच्याकडं पाट. पण ते अंधार पडल्यावर, चार माणसांत, दार लोटून उरकायचं असायचं. वाजाप नाही, पंगत नाही. सीमेवरून मामा आला, तोही हेच सांगत होता, “करायचंच असलं तर गुपचूप करा. गावाला ओरडून कशाला सांगायचं?” अव्वा म्हणाली, “चोरी केलीया का मी? नऊ वरसं सगळ्यांनी माझ्याकडं बघितलंया. आता लगीन बी बघू द्यात.” मामा चहा न घेता उठला, आणि लग्नाला येणार नाही असं सांगून गेला.

आधी वकिलाकडं जावं लागलं. सात वर्षांवर माणसाचा ठावठिकाणा नसेल तर कोर्ट त्याला मेलेला धरतं, असं त्यांनी समजावलं. पेपरात नोटीस आली. अप्पांचं पूर्ण नाव आणि खाली, हयात असल्यास हजर राहावे. ती मी कापून वहीत ठेवली होती. निकालाचा कागद हातात देताना वकील म्हणाले होते, “एक ध्यानात ठेवा. उद्या हा माणूस दारात येऊन उभा राहिला, तर हे सगळे कागद रद्दी. लग्न झालेलं असलं तरी ते लग्न नव्हे.” अव्वानं मान हलवली. घरी येऊन तिनं कुंकू पुसलं, मंगळसूत्र काढून डब्यात ठेवलं. लग्न करायचं म्हणून तिला आधी विधवा व्हावं लागलं. दोन महिने ती पांढऱ्या कपाळानं वावरली. शेजारणी भेटायला येऊन रडून गेल्या, आणि जाताना लग्नाची तारीख विचारून गेल्या.

कर्ज काढायचं नाही आणि कुणाकडून आहेर घ्यायचा नाही, हे अव्वानं आधीच ठरवलं होतं. त्यामुळं जे होतं त्यातच सगळं बसवायचं होतं, आणि ते बसवायचं काम माझ्याकडं आलं. वय एकवीस. त्या दोन महिन्यांत मी जेवढं शिकले तेवढं बी.कॉम.च्या तीन वर्षांत शिकले नाही. समाजमंदिर गावातल्यांना फुकट मिळायचं, फक्त झाडलोट आपली. पातेली आणि पराती तालीम मंडळाच्या. आदल्या दिवशी मंगल कार्यालयात एक लग्न होतं, त्यांची उतरवलेली झेंडूची तोरणं मिळतील का, असं त्या लग्नघरी विचारायलाही मी गेले होते. त्या बाईनं मला पाणी दिलं आणि फुलं न्यायला परवानगी दिली. पण अव्वानं ऐकल्यावर नाही म्हटलं. “फुलं थोडी असू द्यात, पण उतरवलेली नकोत.” सनईवाले परवडणारे नव्हते, म्हणून टेपरेकॉर्डर आणि कॅसेट. मुहूर्त बघणारा कुणी मिळेना, म्हणून गुरुवार, कारण काकांची सुट्टी गुरुवारी.

सोनं नवीन घेणं शक्यच नव्हतं. जुनं मंगळसूत्र मोडून त्याचंच नवं करायचं ठरलं. अव्वा बोलायला अवघडत होती, म्हणून मीच काकांना सांगितलं. ते म्हणाले, “सोनं सोनंच असतंय की.” गुजरीत सोनाराच्या पेढीवर आम्ही दोघी बसलो. वाट्या मुशीत वितळल्या तेव्हा अव्वा एकटक बघत होती. शेवटी एक लाल थेंब उरला, तो थरथरत होता. दुकानातून बाहेर पडल्यावर तिनं माझा हात धरला. रस्ता ओलांडून झाला तरी सोडला नाही.

पत्रिकेसाठी मी शाहूपुरीत एका छापखान्यात गेले. मालक पोक्त गृहस्थ, चष्मा कपाळावर. कुणीतरी नाकारलेली पिवळी कार्डं त्यांच्याकडं पडून होती, ती त्यांनी स्वस्तात द्यायचं कबूल केलं. मजकूर वाचत ते वधूच्या नावाशी थांबले.

“नावाआधी काय घालू? चिरंजीव सौभाग्यकांक्षिणी?”

“न्हाय.”

“मग श्रीमती?”

“ते बी नको. नुसतं नाव घाला. कलावती.”

त्यांनी माझ्याकडं पाहिलं. “तू नवरीची कोण?”

“मुलगी.”

पत्रिकेच्या तळाला तेव्हा लहान मुलांच्या तोंडी एक ओळ असायची, आमच्या मावशीच्या लग्नाला यायचं हं. ती त्यांच्याकडं कायमची जुळवून ठेवलेली होती. त्यांनी तो अक्षरांच्या खिळ्यांचा पट्टा हातात घेतला आणि परत खणात ठेवून दिला.

भांडण झालं ते जेवणावरून. काकांची मोठी बहीण, तिला सगळे आक्का म्हणायचे, चार दिवस आधी मलकापुराहून येऊन ठाकली. अंगानं दांडगी, बोलायला त्याहून दांडगी. “माझ्या भावाचं पन्नाशीला लगीन लागतंया आणि माणसं काय डाळभात खाऊन जाणार? दोन बकरी पडाय पायजेत.” आमच्याकडं घरात अंडंही येत नव्हतं. काका म्हणाले, “आक्का, जेवण तिच्या हातचं. मी चार वरसं तिची भाकरी वाहिलीया, आता खाणार.” आक्का त्यावर हसली आणि भांडण तिथंच मिटलं. लग्न कुणी लावायचं हाही घोळ होताच. आमचे स्वामी येईनात, त्यांचे भटजी पुनर्विवाह म्हटल्यावर आजारी पडले. शेवटी गावातले निवृत्त गुरुजी तयार झाले. सत्यशोधक पद्धतीनं चार पदं म्हणतो, दोघांकडून शपथ घेतो, अक्षता टाका म्हणाले. दोन्हीकडचे सारखेच नाराज झाले, त्यामुळं कुणाला तक्रार करता आली नाही.

गुरुवारी पहाटेपासून अव्वा स्वतःच चुलीपाशी होती. नवरीनं चुलीपाशी बसू नये म्हणून आक्कानं तिला दोनदा उठवलं, पण हुग्गी दुसऱ्या कुणाच्या हातची चालणार नव्हती. कांडलेले गहू, गूळ, खसखस, ओलं खोबरं. आमच्याकडं मंगलकार्याला हीच खीर. मोठ्या पातेल्यात ती रटरटत होती, आणि अव्वा नव्या हिरव्या बांगड्या वर सारून ती ढवळत होती. दहा वाजता तिला आक्कानं ओढून नेलं आणि नेसवलं. मी मांडवात आणि मागल्या दारात येरझाऱ्या घालत होते. कॅसेट ताणली गेली होती, सनईचा सूर मधेच खाली जायचा आणि पुन्हा वर यायचा. माणसं मोजायची म्हणून मी मागच्या अंगणात गेले, तिथं सायकली लावल्या होत्या. त्यांच्या पलीकडं, जळणाच्या ढिगाशी, एक माणूस उकिडवा बसला होता.

धोतर, मळकं बनियन, खांद्यावर पंचा. डोक्याचा गोटा, गालावर पांढरी खुंटं. मला वाटलं, जेवायला आलेला कुणी वाटसरू असेल. मी म्हटलं, “पावणं, पुढनं या की. हितं काय बसलाय?”

त्यांनी वर पाहिलं आणि कानडीत विचारलं, “गिरजी, किती मोठी झालीस?”

मी मनगटाकडं पाहिलं. डाग होता. नसता तरी चाललं असतं. तो आवाज मी नऊ वर्षं ऐकला नव्हता, आणि त्याच्या आधीही वर्षभर ऐकला नव्हता.

मी रडले नाही. हे मला आजही सगळ्यात जास्त टोचतं. मी जळणाच्या आडोशाला गेले, म्हणजे मांडवातून आम्ही दिसू नये, आणि पहिला प्रश्न विचारला तो हा, “कुणी बघितलं तुम्हाला?”

“न्हाय. शेताकडनं आलो.” आता ते मराठीत बोलले. “गोकाकच्या पलीकडं नदीच्या काठाला एक मठ हाय. तितं सैपाकात असतो. तुझ्या मामाच्या गावचा माणूस आल्ता, त्यानं मला वळखलं न्हाय, दुसऱ्याला सांगत हुता, गुरुवारी कलावतीचं लगीन हाय.”

“मग?”

“मग काय न्हाय. बघायला आलो.”

“आत्ता? आत्ता कशाला आला? नऊ वरसं कुठं हुता?” मी हळू आवाजात बोलत होते.

त्यांनी उत्तर शोधलं. खरंच शोधलं, कपाळाला आठी घालून, अवघड गणित मांडावं तसं. “मला सांगता येत न्हाय, पोरी. घरात बसलो की पाण्यात बसल्यागत व्हायचं. तुम्ही बोलायचा, ते वरनं ऐकू यायचं. एक दिस चालत सुटलो. मग परत यायची लाज वाटाय लागली. तितं बरं वाटतंया आता. मोठी पातेली हायत, ढवळत बसतो.”

आतून आक्का मला हाक मारत होती. माझ्या डोक्यात वकिलाचं बोलणं होतं. दारात येऊन उभा राहिला तर. मांडवात दीडशे माणूस होतं. अव्वा पिवळ्या नऊवारीत आरशासमोर बसली होती, आणि सकाळी ढवळताना ती गुणगुणत होती, जे मी माझ्या आठवणीत पहिल्यांदा ऐकलं होतं. माझ्याच तोंडून वाक्य बाहेर पडलं.

“अप्पा, तुम्ही जावा.”

“जातो की,” ते म्हणाले, आणि लगेच उठले. वाद नाही, राग नाही. पंचा झटकला. दोन पावलं गेले आणि थांबले. “जेवून गेलो तर चालंल का? काल दुपारपासनं काय खाल्लं न्हाय.”

मी त्यांना जळणाच्या मागं बसवलं. हाक मारेपर्यंत पुढं यायचं नाही, म्हटलं. लहान मुलाला दटावतात तसं. त्यांनी मान डोलावली.

गुरुजींनी पदं म्हटली. काकांनी आणि अव्वानं शपथ घेतली. अव्वाचा आवाज शेवटच्या माणसाला ऐकू जाईल इतका स्वच्छ होता. सगळे अक्षता टाकत होते आणि मी मागच्या दाराकडं तोंड करून उभी होते, मूठ मिटलेली. लग्न लागलं तेव्हा मी अव्वाकडं बघत नव्हते. तिचा तो चेहरा मी पाहिलाच नाही. फोटोतला पाहिलाय.

पहिल्या पंगतीत पाहुणे बसले, दुसरीत बायका, तिसरीत गाव. शेवटच्या पंगतीला भांडी घासणाऱ्या बायका, ताडपत्रीवाला, तालमीतले चारजण राहिले. त्यांच्या रांगेच्या टोकाला, खांबाच्या आड, मी अप्पांना बसवलं. त्यांना ओळखणारं त्या पंगतीत कुणी नव्हतं. पत्रावळ मीच मांडली. भात, वांग्याची भाजी, आमटी. हुग्गी वाढली तेव्हा त्यांनी बोट बुडवून चाखली आणि विचारलं, “हिनंच केलीया?”

“व्हय.”

त्यानंतर ते खाली मान घालून जेवत राहिले. सावकाश, एकेक घास. तेव्हाच मला आक्काचा आवाज ऐकू आला, “चला, नवरा-नवरी, शेवटच्या पंगतीला तूप वाढा की.” आमच्याकडं ती रीत आहे. हे माझ्या ध्यानातच राहिलं नव्हतं.

खोतकाका पुढं होते, हातात बुंदीचं ताट. त्यांच्यामागं अव्वा, तुपाची तपेली घेऊन. प्रत्येक पानावर वाकायचं, धार सोडायची आणि म्हणायचं, सावकाश जेवा. मी मधे जायचा प्रयत्न केला. “अव्वा, दे, मी वाढतो,” म्हटलं. आमच्या कोल्हापुरात बायकाही मी जातो, मी करतो असंच म्हणतात. ती म्हणाली, “ऱ्हाऊ दे. शेवटची पंगत हाय.” आणि पुढं सरकली. काकांनी अप्पांच्या पानावर बुंदी घातली, “घ्या, पावणं, लाजू नका,” म्हणाले आणि पुढच्याकडं गेले. मग अव्वा वाकली. तिच्या बांगड्या खणखणल्या. अप्पांची मान छातीला टेकली होती, फक्त गोटा दिसत होता. डावा हात उजव्या मनगटावर दाबून धरला होता. हुग्गीवर तुपाची धार पडली.

“सावकाश जेवा,” अव्वा म्हणाली.

अप्पांनी बास म्हणून पानावर आडवा हात धरला. ती पुढच्या पानाकडं गेली.

एवढंच झालं. तीस वर्षं मी ती धार डोळ्यांसमोर आणते आणि मोजते. तिचा हात थांबला होता का? इतरांच्या पानावर तिनं जेवढं तूप घातलं त्याहून थोडं जास्त घातलं का? कधी वाटतं, थांबला होता. कधी वाटतं, तिला दमणूक झाली होती, पहाटेपासून उभी होती. तिनं कधी काही विचारलं नाही आणि मी कधी सांगितलं नाही. पुढं पंचवीस वर्षं ती काकांबरोबर सुखानं राहिली. ती दुपारी झोपायला शिकली, सिनेमाला जायला शिकली. काकांनी माझं कन्यादान केलं तेव्हा ते हुंदके देऊन रडले. इतका चांगला माणूस मी दुसरा पाहिला नाही. त्या घरात बसून मी एक लबाडी रोज सांभाळत होते, आणि ती सांभाळली म्हणूनच ते घर होतं.

जेवण झाल्यावर अप्पांनी स्वतःची पत्रावळ उचलली. फाटकापर्यंत मी गेले. बरोबर बांधून दिलेली बुंदी त्यांनी घेतली नाही. “तिला सांगू नगंस,” म्हणाले. मग, “त्यो बरा दिसतोय माणूस.” आणि उसाच्या बांधानं, अनवाणी, न वळता निघून गेले. मी परत येऊन पराती मोजल्या. दोन कमी भरल्या.

तीन वर्षांनी मला नोकरी लागली. पहिल्या सुट्टीत, मैत्रिणीकडं जाते असं घरी सांगून, मी गोकाकची गाडी धरली. मठ शोधायला दोन दिवस लागले. नदी, चिंचेची झाडं, लांबलचक स्वयंपाकघर, आणि तिथं एक म्हातारा आचारी भाजी निवडत बसलेला. मी मोडक्या कानडीत अप्पांचं वर्णन केलं. त्यानं लगेच ओळखलं. तो मला मागच्या मळ्यात घेऊन गेला. आमच्यात पुरतात. चिंचेखाली मातीचा एक उंचवटा होता, त्यावर दोन दगड, नाव नाही. तीन वर्षांपूर्वीच्या थंडीत ताप येऊन गेले, म्हणाला; लग्नानंतरची ती पहिलीच थंडी. म्हणजे काकांचं आणि अव्वाचं लग्न लागलं तेव्हा वकिलाचे कागद खोटे होते, आणि चार-पाच महिन्यांनी ते आपोआप खरे झाले होते. मातीवर हात ठेवून मी आधी हाच हिशोब केला, हेही लिहून ठेवते.

म्हातारा माझ्याजवळ बसला. “बोलायचा नाही फार,” तो म्हणाला. “एकदाच बोलला. कोल्हापूरकडं जाऊन आला होता, त्यानंतर आठ दिवस तेच सांगत होता. पोरीचं लग्न बघून आलो म्हणायचा. मांडव झकास होता, जावई देखणा होता, पोरीनं स्वतःच्या हातानं वाढलं.” त्यानं मला नीट न्याहाळलं. “ती पोर तूच का? लग्नाची?”

“हो,” मी म्हटलं. “मीच.”

तेव्हा माझं लग्न झालेलं नव्हतं. त्याची नजर माझ्या मोकळ्या गळ्यावर गेली, मग बिनकुंकवाच्या कपाळावर, आणि त्याचा चेहरा एकदम उतरला. इतक्या लहान वयात, असं काहीसं तो पुटपुटला. त्यानं माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि बराच वेळ तसाच राहू दिला. मी त्याला काहीही समजावून सांगितलं नाही. तसाच बसू दिला.